सुतळीने बांधलेला दरवाजा

तोडगेकाका पांढरा शर्ट घालून बाहेर पडले की गल्लीतल्या बायका ओळखायच्या, कुठेतरी कोणीतरी गेलंय. काका कापडाच्या गोदामात मुकादम होते. कामगार दगावला की मालक आणि घरचे यांच्यामध्ये बसून प्रकरण आपसात मिटवायचं, यात त्यांचा हातखंडा. पोलीस नको, कोर्ट नको. मालकाची अब्रू शाबूत आणि घरच्यांच्या तोंडाला कुलूप. त्यावरूनच त्यांना ते नाव पडलं होतं, आणि खरं सांगायचं तर त्यांना त्याचा अभिमान होता.

त्या सकाळी काका शर्टाची बटणं लावत होते. बायकोने चहाचा कप पुढे केला.

"मागच्या वेळीही त्याच घरी गेला होतात ना?"

काकांनी सहीचा कागद खिशात घातला. चहा तसाच गार झाला.

मागच्या वेळी त्या घरातला नवरा गेला होता. माल चढवायच्या लिफ्टला जाळीचा दरवाजा होता, त्याची कडी तुटलेली. लिफ्ट खाली, वरच्या मजल्यावरचा दरवाजा उघडाच. डोक्यावर गठ्ठा घेतलेल्या गड्याने सरळ पोकळीत पाऊल टाकलं. काकांनी तोडगा काढला: घरच्यांनी तक्रार करायची नाही, बदल्यात त्याच्या बायकोला त्याच्या जागी काम. काकांनी घर तारलं, असं जो तो म्हणाला. अशी किती घरं आपण तारत असतो, देव जाणे. तक्रार नाही म्हणून तपासणी नाही, तपासणी नाही म्हणून दुरुस्ती नाही. काकांनी आपल्या हाताने दरवाजाला सुतळी बांधली, तेवढीच काय ती सोय. परवा ती सुतळी तुटली आणि बायकोही त्याच खड्ड्यात गेली.

"मुलीला घेऊ आईच्या जागी," मालक म्हणाले होते. "बाई बेसावध होती, एवढं फक्त लिहून आणा."

खोलीत आजी भिंतीला टेकून बसली होती. दोरीवर आईचा कामावरचा एप्रन वाळत होता. नुकतीच कॉलेजात जाऊ लागलेली नात पाणी घेऊन आली. काकांनी कागद बाहेर काढला, पण तीच आधी बोलली.

"काका, आईच्या जागी मलाच घ्याल ना? एप्रन धुऊन ठेवलाय. कधीपासून येऊ?"

तिच्या आवाजात ना टोमणा होता ना रडू.

"घ्या हो तिला," आजी म्हणाली. "सही कुठे करायची तेवढं दाखवा. तुम्ही आमचं वाईट थोडंच करणार आहात?"

शिव्या दिल्या असत्या तर काकांनी त्या मुकाट्याने ऐकून घेतल्या असत्या. हा विश्वास काही त्यांना सोसवेना. बाहेर काढलेला कागद त्यांनी परत खिशात घातला.

"सही करू नका," ते म्हणाले. "तुझी आई बेसावध नव्हती, पोरी. कडी तुझ्या बाबांच्या आधीपासून तुटलेली होती. मला माहीत होतं, मालकांना माहीत होतं. ही नोकरी म्हणजे तुमच्यावर उपकार नाहीत. भरपाई तुमचा हक्क आहे, तो कोर्टात मागायचा. साक्षीला मी उभा राहतो."

"तुमची नोकरी जाईल," आजी म्हणाली.

"जाऊ दे. मलाही आत टाकतील कदाचित. सुतळी मीच बांधली होती."

मुलीने हातातला पेला खाली ठेवला.

"बाबा गेले तेव्हा का नाही बोललात?"



"हेच मला कोर्टात विचार," काका म्हणाले. "सगळ्यांसमोर. मालकांसमोर."

तिने दोरीवरचा एप्रन काढला, घडी करून आजीच्या मांडीवर ठेवला आणि पायांत चपला सरकवल्या.

"चला मग," ती म्हणाली.