किटली, कालव्याचे पाणी आणि मी

मी एक जुना इन्व्हर्टर आहे आणि माझा स्वभाव चांगला नाही. मित्रांनो, हे आधीच सांगून टाकतो, म्हणजे पुढे मी कोणाला नावे ठेवली तर तुम्ही दचकणार नाही.

माझा जन्म दूरच्या एका कारखान्यात झाला. पोटात तांब्याच्या तारेचे वेटोळे, पाठीशी पंखा, तोंडावर तीन दिवे. कुलोब शहरातल्या बाजारातून मला सवरीनिसोने घरी आणले. तिचा नवरा रशियात बांधकामावर होता. घरात ती आणि तिचा धाकटा दीर दौलतशो. आमच्या गावात हिवाळ्यात वीज सकाळी तीन तास आणि संध्याकाळी तीन तास यायची. बाकीचा वेळ माझा. वीज असताना मी बॅटरीला पोटभर भरवायचो आणि वीज गेली की तिच्याकडून घेऊन सवरीनिसोची उबवणपेटी गरम ठेवायचो. पेटीत शंभर अंडी असायची. गावातल्या निम्म्या घरांतल्या कोंबड्या तिच्याच पेटीतून निघालेल्या.

पहिले दोन हिवाळे माझा मोठा मान होता. शेजारणी माझा हिरवा दिवा बघायला यायच्या. मग सवरीनिसोने कौतुकाने माझ्यावर कशिद्याचे जाड कापड पांघरले. माझी वाऱ्याची भोके बुजली. मी आत गुदमरायचो आणि ती वरून कापडावरची डाळिंबाची फुले सारखी करायची. तिलाही मी पुरते माफ केलेले नाही.

पण खरा वैरी दौलतशो. त्याला मित्र जमवून हिरवा चहा पाजण्याचा नाद होता आणि चूल पेटवण्याचा कंटाळा. एकदा वीज गेल्यावर त्याने विजेची किटली मला जोडली. मित्रांनो, पेटी, दोन दिवे आणि एखादा फोन, एवढे ओढणारा मी गडी. किटलीने माझ्या ताकदीच्या दीडपट मागितले. मी शिट्टी वाजवून ओरडलो.

"हा का केकाटतोय?" एका मित्राने विचारले.

"वहिनींनी लाडावून ठेवलाय," असे म्हणत दौलतशोने माझे झाकण उघडले आणि शिट्टीची तार कापली.

मग फ्यूज जळाला. फ्यूज म्हणजे आम्हाला वाचवण्यासाठी आधी स्वतः जळणारी बारीक तार. त्याने तिच्या जागी लाल वेष्टणाची जाड तार पिळून बसवली. बॅटरीत शुद्ध पाणी घालायचे कामही सवरीनिसोने त्याच्यावरच सोपवले होते. त्या पाण्याची बाटली आणायला बाजारात जावे लागते. तो कालव्यातून तांब्या भरून आणायचा. "पाण्यासारखं पाणी, त्यात काय एवढं!" बॅटरी आतून कुजत गेली, तिच्या टोकांवर पांढरी-हिरवी भुकटी चढली, आणि मला ओरडताही येत नव्हते.

जानेवारीतली ती सकाळ. अंड्यांचा अठरावा दिवस, पिल्ले निघायला तीनच दिवस उरलेले. सवरीनिसो शेजारच्या गावी मयतीला गेली होती. वीज गेली आणि किटली आली. माझ्या पोटातून धूर निघाला, तिन्ही दिवे विझले. दौलतशोने धूर जावा म्हणून खिडकी उघडली, किटली उचलली, माझ्यावर ते कशिद्याचे कापड नीट पसरले आणि मित्रांबरोबर निघून गेला.

दुपारी सवरीनिसोने परत येऊन पेटीला हात लावला. गार. तिने घरातल्या संदलीत, म्हणजे बुटक्या मेजाखालच्या खड्ड्यात, निखारे घातले, मेजावर रजई पांघरली आणि एकेक अंडे मेजाखाली उबेला ठेवले. मग उस्तो जुमाखोनला, गावच्या विजेच्या म्हाताऱ्या कारागिराला, निरोप धाडला.

उस्तो आला तेव्हा दौलतशोही परतला होता. "मी हातसुद्धा लावला नाही, वहिनी. बायकांना यंत्र सांभाळता येत नाही, त्याला मी काय करू?"

उस्तोने माझे झाकण काढले आणि चिमट्याने ती जळकी लाल तार बाहेर ओढली. "ही कोणी बसवली?"

"मला काय माहीत?"

"बाहेर तुझ्या कबुतरांच्या खुराड्याला हीच तार गुंडाळलीय. मी आंधळा दिसतो का रे तुला?" मग त्याने काचेच्या नळीत बॅटरीचे पाणी ओढून उजेडात धरले. "आणि यात काय, मासे पाळायचेत?" तो सवरीनिसोकडे वळला. "तूही कमी नाहीस, पोरी. हे कापड कशाला? लग्न लावतेस याचं?"

तिने कापड उचलून बाजूला ठेवले. मग दिराला म्हणाली, "बस इथे. हात रजईखाली घाल. निखारे विझले तरी कळलं पाहिजे, अंडी तापली तरी कळलं पाहिजे."

"मी? कोंबडीसारखा?"

"कोंबडीला अक्कल असते. तू नुसता बस. उठलास तर या घरात तुला भाकर मिळणार नाही."

तो तीन दिवस बसला. मित्र आले, दारातून हसले आणि निघून गेले. उस्तोने माझे जळलेले भाग बदलले, नेमका फ्यूज आणि नवी शिट्टी बसवली. बॅटरी मात्र वाचली नाही. तिच्या जागी दुसरी आली.

सदतीस पिल्ले बाहेर आली. उरलेली अंडी पुरायला सवरीनिसोने गोठलेल्या जमिनीत दौलतशोकडून खड्डा खणून घेतला. आधी त्याच्यासमोर एक अंडे फोडले. आत पिल्लू पूर्ण झालेले होते, पिसे, नखे, चोच, सगळे. तो बघत राहिला. माफी त्याने मागितली नाही, आणि तिनेही ती मागून घेतली नाही.

आता दर महिन्याला ती स्वतः बॅटरीची झाकणे उघडून पाणी बघते, टोके पुसते. तो माझ्याजवळ आला की मान वर न करता म्हणते, "लांब."

मित्रांनो, तुमच्या घरच्या कोपऱ्यातही माझ्यासारखा कोणी उभा असेल. त्याला नटवू नका. त्याच्या अंगावर लिहिलेली ताकद वाचा, त्याला मोकळी हवा द्या, बॅटरीला शुद्ध पाणी द्या, आणि तो ओरडला तर आधी का ते बघा. मी यंत्र आहे. माझे जळले ते बदलता आले. त्या त्रेसष्ट जणांचे काहीच बदलता आले नाही.