दोन लाल काठांचा झेंडा

मित्रांनो, मला घडी घालून ठेवलं आहे म्हणून मी झोपलो आहे, असं समजू नका. मी एक जुना झेंडा आहे, बेलीझ देशातल्या हेरन बँक नावाच्या नदीकाठच्या गावाचा. माझा निळा रंग धुऊन धुऊन फिका पडला आहे, पांढरा पिवळट झाला आहे. पण माझे दोन लाल काठ, एक वरचा आणि एक खालचा, अजून जागच्या जागी आहेत. त्या काठांपायी माझा जीव एकदा जाता जाता वाचला. तीच गोष्ट तुम्हाला सांगायची आहे.

माझा जन्म अल्वरिन टिलेटच्या शिवणयंत्रावर झाला. गावातल्या पोरांचे शाळेचे गणवेश, नवऱ्यामुलींचे झगे, सगळं तीच शिवायची. तेव्हा आमचा देश स्वतंत्र झालेला नव्हता. मंत्री आपले होते, कारभारही बराचसा आपणच बघायचो, पण शाळेच्या काठीवर फडकायचा तो इंग्रजांचा झेंडा. अल्वरिन निळ्या पक्षाची. स्वातंत्र्य हवं आणि लगेच हवं, असं तो पक्ष म्हणायचा. ते येणारच, याची तिला इतकी खात्री होती, की बाळ जन्मायच्या आधीच अंगडं-टोपडं शिवावं तसं तिने मला शिवून टाकलं. निळ्यांच्या सभांत मिरवायचे तोच नमुना: निळं कापड, मधोमध पांढरा गोल, गोलाच्या कडेने पन्नास हिरवी पानं. पन्नास, कारण स्वातंत्र्याची चळवळ एकोणीसशे पन्नास साली सुरू झाली.

गोलात महोगनीचं झाड आहे आणि झाडापुढे दोन लाकूडतोडे उभे आहेत. एक उजळ, त्याच्या खांद्यावर कुऱ्हाड. दुसरा काळा, त्याच्याकडे वल्हं. महोगनी तोडून नदीतून समुद्राकडे न्यायची, यावरच आमचा देश उभा राहिला. माझ्यावर जिवंत माणसं आहेत याचा मला फार अभिमान होता, अजूनही आहे. झाडाखाली एक ओळही भरली आहे: सावलीत मी बहरतो. अल्वरिनचे वडील जन्मभर महोगनीच्या रानात राबले. वल्हेवाल्याचं नाक भरताना तिने त्यांचंच नाक भरलं. हे तिने कुणाला सांगितलं नव्हतं, पण शेजारच्या घराला जे कळायचं ते कळलंच.

शेजारच्या घरात तिची थोरली बहीण क्लोटिल्डा राहायची. क्लोटिल्डा लाल पक्षाची. दोन घरांच्या मधे पावसाचं पाणी साठवायचं एक मोठं लाकडी पीप होतं, ते दोघींचं. एका निवडणुकीत निळे जिंकले, शब्दाला शब्द वाढला आणि बहिणींचं बोलणं बंद झालं. तेव्हापासून एकीची बादली पिपात बुडाली, की दुसरी दार लावून घ्यायची. बोलायचं ते कुंपणाला, नाहीतर कोंबड्यांना.

"शेजारचा देश नकाशात आपल्याला गिळून बसलाय," क्लोटिल्डा कोंबड्यांना सांगायची. "ग्वातेमाला म्हणते, ही जमीन आमची. इंग्रज गेले की आपलं रक्षण कोण करणार? पण नाही! काही लोकांना झेंडे शिवायची घाई!"

"काही लोक म्हातारे होईपर्यंत आईचा पदर सोडत नाहीत," अल्वरिन खिडकीतून कुंपणाला सांगायची.

मी बिस्किटांच्या डब्यात पडून हे सगळं ऐकायचो. क्लोटिल्डाची भीती खोटी नव्हती, हे मला आज कळतं. तेव्हा मला ती फक्त खाष्ट बाई वाटायची.

मग एके दिवशी रेडिओने तारीख सांगितली. एकवीस सप्टेंबर, एकोणीसशे एक्क्याऐंशी. अल्वरिनने मला डब्यातून काढलं, इस्त्री केली आणि शाळेत नेलं. शाळेचे मास्तर होते बेनगुचे, दक्षिणेकडच्या गारिफुना लोकांच्या वस्तीतून आलेले, शांत गृहस्थ. त्यांनी मला टेबलावर पसरलं, खूप कौतुक केलं आणि मग हळूच म्हणाले, "मिस अल्वरिन, काम सुरेख आहे. पण हा झेंडा चालायचा नाही."

"का नाही चालायचा?"

"तुम्ही काल रेडिओ पुरता ऐकला नाहीत वाटतं. लाल पक्षवाले म्हणाले, निळा तर एकट्या निळ्यांचा रंग. मग ठरलं की वर आणि खाली लाल पट्टी यायची. देश दोघांचा, झेंडाही दोघांचा."

अल्वरिनने माझी भराभर घडी घातली. एक तर तिला ते पटलं नव्हतं. त्यातून गावच्या दुकानात लाल कापड औषधालाही नव्हतं, आणि नदीला पूर आल्याने शहरातून नाव येत नव्हती. सगळ्या गावात माझ्या लांबीचं लाल कापड एकाच ठिकाणी होतं. क्लोटिल्डाचा मिरवणुकीचा झगा! दहा सप्टेंबरला आमच्याकडे जुन्या लढाईचा सण असतो. गावकऱ्यांच्या खापरपणज्यांनी स्पेनची जहाजं पिटाळली होती, त्याची आठवण. क्लोटिल्डाच्या लेखी खरा सण तोच, आणि त्या दिवशी ती तो घेरदार झगा घालून सगळ्यांच्या पुढे नाचायची.

दोन दिवस अल्वरिनने जेवणाला तोंड लावलं नाही. तिसऱ्या दिवशी तिने नारळाच्या दुधात लाल घेवड्याचा भात शिजवला, वाडगा भरला, मला काखेत मारलं आणि बहिणीच्या दारात जाऊन उभी राहिली.

क्लोटिल्डाने आधी वाडगा घेतला, मग मला उलगडून पाहिलं.

"दोन उघडेबंब पुरुष!" ती म्हणाली. "एकेक सदरा तरी शिवायचास."

"क्लोटी, मला लाल कापड हवंय."

"असं होय! सगळा झेंडा तुझा आणि मला वर-खाली दोन चिंध्या?"

"मी नाही ठरवलं ते. मला विचारलं असतं तर चिंध्याही दिल्या नसत्या."

मला वाटलं, आता वाडगा परत येणार, आणि तोही डोक्यावर. पण क्लोटिल्डा खो खो हसली. कितीतरी दिवसांनी बहीण तिच्या तोंडावर भांडली होती, कुंपणाच्या आडून नाही. हसू आवरल्यावर ती म्हणाली, "झगा देईन. पण माझी दहा तारीख होऊ दे. आणि लाल मी शिवणार, तू नाही. तू मुद्दाम सैल टाके घालशील, आणि पहिल्याच वाऱ्यात माझा लाल उडून नदीत जाईल."

झालंही तसंच. दहा तारखेला झगा शेवटचा नाचला आणि अकराला त्याच्यावर कात्री चालली. क्लोटिल्डा काही शिंपीण नव्हती. तिने यंत्राला हात लावला नाही, जाड सुईने हातशिलाई घातली. दोऱ्याच्या पदरावर पदर घेऊन, दात-ओठ खात असे टाके घातले, की माझा जीव मेटाकुटीला आला. अल्वरिन कपाळावर हात मारून म्हणाली, "अगं, झेंडा आहे तो, होडी नाही!"

एकवीस तारखेला सकाळी मी वर चढलो. त्या क्षणाचं मी काय सांगू! पोरं गात होती, मास्तरांचे डोळे भरून आले होते, नदीवरून वारा आला आणि मी पहिल्यांदा पूर्ण उलगडलो. खाली दोघी बहिणी शेजारी शेजारी उभ्या होत्या. क्लोटिल्डाची नजर फक्त माझ्या काठांवर होती. देश आपला झाला. पंतप्रधान आपला, संसद आपल्या बेल्मोपान राजधानीत. देशाची राणी म्हणून मात्र इंग्लंडची राणीच राहिली, आणि इंग्रजांचे थोडे सैनिकही राखणीला थांबले. "बघ, मी म्हणत होते ना," क्लोटिल्डा कुजबुजली. "गप्प बस आणि गा," अल्वरिन म्हणाली.

मित्रांनो, इथे गोष्ट संपली असती तर किती बरं झालं असतं! पण तीन वर्षांनी पुन्हा निवडणूक आली आणि या वेळी लाल जिंकले, तेही भरघोस मतांनी. क्लोटिल्डाने अंगणात भांड्याचं झाकण बडवत फेर धरला. तेवढं पुरलं नाही म्हणून तिने मधल्या पिपाला लाल फडकं बांधलं. दुसऱ्या दिवशी सकाळी अल्वरिन पाण्याला गेली आणि फडकं बघून रिकामी बादली घेऊनच परत आली.

मी तेव्हा तिच्याच घरी होतो, नाताळाआधी धुवायला आणलेला. तिने मला मांडीवर घेतलं, कात्री काढली आणि खालच्या काठाच्या टाक्यांत तिचं टोक घातलं. जिच्या हातांनी मला जन्म दिला, तेच हात मला उसवायला निघाले होते. पण टाके हलेनात. कात्रीचं टोक आत शिरेना. तिने दात लावून पाहिलं.

"टाके आहेत की खिळे!" ती पुटपुटली.

"ओढ ना. थांबलीस कशाला?"

दारात क्लोटिल्डा उभी होती. पाणी न नेता बहीण का परतली, ते बघायला आली असावी. तिच्या हातात तेच फडकं होतं, सोडून आणलेलं. पण अल्वरिनला फडकं दिसलं नाही, फक्त बहीण दिसली. तिने काठ मुठीत धरला आणि सगळा जोर लावून ओढला.

लाल हललाच नाही. निळा फाटला. टर्रकन आवाज झाला आणि चीर शिवणीपासून वर धावत गेली, ती थेट पांढऱ्या गोलात, वल्हेवाल्याच्या पायापर्यंत. मला वाटलं, संपलो मी.

मग क्लोटिल्डा अगदी हळू आवाजात म्हणाली, "अल्वी, बाबांचा पाय."

अल्वरिन ओक्साबोक्शी रडायला लागली. क्लोटिल्डाने तिला जवळ घेतलं नाही की समजूत घातली नाही, तो तिचा स्वभावच नव्हता. तिने कात्री उचलून फळीवर ठेवली, खाली बसली आणि विचारलं, "निळा दोरा कुठे ठेवलायस?"

"निळा कशाला?"

"निळं फाटलंय म्हणून." डोळे बारीक करून तिने सुईत दोरा ओवला. "पाच वर्षांनी पुन्हा मतं पडतील. तुमचे येतील, मग मी निळं कापायला बसू का? त्यानंतर तू पुन्हा लाल? आपल्या भांडणात उरेल काय? बाबा तेवढे, गोल चिंधीत."

अल्वरिन रडता रडता हसली. "आणि तेही उघडेबंब," ती म्हणाली.

त्या दिवशी क्लोटिल्डाने माझी चीर रफू केली. वेड्यावाकड्या टाक्यांनी, पण घट्ट. मला आयुष्यात इतकं सुख कधी वाटलं नाही, अगदी पहिल्यांदा काठीवर चढलो तेव्हाही नाही. निळ्या दोऱ्याचं रीळ ती स्वतःच्याच घरी घेऊन गेली, आणि अल्वरिनने ते परत मागितलंही नाही. पुढे एकोणनव्वद साली निळे जिंकले, मग लाल, मग परत निळे. सरकारं आली आणि गेली, आणि माझ्या काठाला कुणी हात लावला नाही. पिपाला मात्र दर निवडणुकीनंतर फडकं बांधलं जायचं. आधी जिंकणारीचा रंग, आणि संध्याकाळच्या आत शेजारी दुसरीचा.

मग माझे वाईट दिवस आले. बाजारात नायलॉनचे झेंडे आले. मला शाळेच्या कपाटात नकाशांच्या मागे कोंबलं गेलं. झुरळांनी माझी हिरवी पानं कुरतडली. एकदा खेळांच्या दिवशी मला टेबलावर अंथरलं आणि माझ्यावर कलिंगडाच्या फोडी मांडल्या. गावासाठी ऊन-वारा खाल्ला आणि शेवटी कलिंगड वाट्याला आलं, याचं मला खूप वाईट वाटलं.

काही वर्षांपूर्वी सरकारने ठरवलं, की देशभर सगळे झेंडे अगदी एकसारखे हवेत. रंग, पानं, माणसं, सगळं ठरल्याबरहुकूम. शाळेत नवा झेंडा आला. तो चढवायला बाईंनी, म्हणजे टीचर जोव्हिताने, गावातल्या दोन सगळ्यात म्हाताऱ्या बहिणींना बोलावलं. अल्वरिनला आता नीट दिसत नाही. तिने नव्या झेंड्यावरून बोटं फिरवली, पुन्हा फिरवली आणि विचारलं, "याला शिवण कुठंय?"

"शिवण नाही आजी, छापलेला आहे," जोव्हिता म्हणाली.

"म्हणजे भांडण झालं तर उसवायला काही नाही," क्लोटिल्डा म्हणाली. "बरंच झालं!"

"पण वारा लागला की कडेची दशी सुटणार," अल्वरिन म्हणाली. "जुना कुठंय? आमचा?"

अशा रीतीने मी कपाटातून बाहेर आलो. टीचर जोव्हिताने मला धुऊन उन्हात घातलं आणि कलिंगडाच्या डागांबद्दल माझी माफीसुद्धा मागितली. त्या दोघींनी नव्या झेंड्याच्या मोकळ्या कडेला मिळून टाके घातले, एकीने नजर दिली, दुसरीने हात दिला. आता काठीवर तो असतो. तरुण आहे, छान फडफडतो, मला त्याचा हेवा वाटत नाही. मी एक वर्ष अल्वरिनच्या घरी राहतो, एक वर्ष क्लोटिल्डाच्या. सप्टेंबर आला की मला अंगणात पसरतात, आणि गावातली पोरं वल्हेवाल्याच्या पायावरची रफू केलेली चीर शोधतात.

मित्रांनो, तुमच्याकडेही झेंडे असतील. तुम्ही त्यांना सलाम करता, गाणं म्हणता, ते छानच आहे. पण अधूनमधून त्यांची शिवण हाताने चाचपून बघत जा. रंग उन्हाने उडतात, त्याला इलाज नाही. टाका निसटलेला दिसला, तर तो कुणाच्या बाजूचा हे विचारत बसू नका, सुईत दोरा ओवा. आमच्या गावात निळा दोरा हवा असेल, तर तो आजही क्लोटिल्डाच्या घरी मिळतो.