अन्य भाषा

लंडनच्या थिएटरात टाळ्या पडल्या आणि सिग्ने प्रेक्षकांपुढे वाकायचंच विसरली. नाटकात ती ढोंगी प्रार्थनावाली होती. अंगात आल्यासारखी अगम्य बडबड करायची. इतके दिवस ती बडबड तिनं स्वतः रचलेली असे. आज मात्र तोंडून निघालं ते खरं होतं. लहानपणी, स्वीडनमधल्या चर्चमध्ये, पवित्र आत्मा उतरला तेव्हा आपसूक मिळालेली ती प्रार्थनेची अन्य भाषा. नाटक सोड, असं पास्टर कितीदा म्हणाले होते. तीच दरवेळी सांगायची, अभिनयही देवानंच दिलाय.

रविवारी क्रॉयडनच्या चर्चमध्ये तिनं हात वर केले. शब्द आले, पण त्यांच्यामागून टाळ्याही ऐकू आल्या. तिनं तोंड मिटून घेतलं.

थिएटरात तिला कपडे चढवणारी सुलक्षणा ईलिंगला राहायची. साठीची बाई. पाठीचे हुक लावता लावता म्हणाली, "परवा ह्यांची बायपास आहे. उद्या वॉर्डमध्ये येशील? तू स्टेजवर बोलतेस ना, तसं बोल. माझ्या अंगावर काटा येतो बघ."

"ते नाटक आहे हो."

"मग ह्यांच्यासाठी खरं कर."

शशिकांत उशीला टेकून बसले होते. "तिकीट नाही ना लागत?" म्हणून हसले, पण ओठ कोरडे पडले होते. सिग्नेनं त्यांचा हात धरला. शब्द जिभेवर आले. स्टेजवरचे की देवाचे, तिला ओळखता येईना. ती गप्पच राहिली, बराच वेळ. हळूहळू शशिकांतांनी डोळे मिटले.

ऑपरेशन चालू असतानाच ते गेले.

दिवसकार्य उरकून सुलक्षणा कामावर आली. सिग्ने म्हणाली, "त्या दिवशी मी काहीच बोलले नाही. सॉरी."

"तेच बरं केलंस गं. तू गेल्यावर हे म्हणाले, पोरगी नाटकी नाही हं. आणि शांत झोपले."

सिग्नेला तो वॉर्ड आठवला. तिथल्या शांततेत तिनं श्वास अगदी बेतानं सोडला होता, मान जराशी झुकवली होती. त्यांचा चेहरा निवळताना पाहून तिला बरं वाटलं होतं, भरलेलं थिएटर चिडीचूप झाल्यावर वाटतं तसंच. हे सुलक्षणाला कसं सांगणार? नवऱ्याचं शेवटचं बोलणं तेवढंच तिच्यापाशी होतं.

सुलक्षणा वाकून तिच्या बुटाची नाडी बांधू लागली. देवा, हिला धीर दे, इतकंच मागायचं होतं. सिग्नेचा हात त्या विरळ पांढऱ्या केसांपर्यंत गेला आणि वरच थांबला. समोरच्या आरशात तो फार सुरेख दिसत होता.

तिनं तो मागं घेतला.