दोघींत एक दाखला

करिष्माने उजव्या हाताने चेंडू दोनदा आपटला, डाव्या हातात घेतला आणि समोरच्या पोरीच्या काखेखालून असा काही सरकवला, की बास्केटखाली उभ्या असलेल्या नाहीदला नुसते हात वर करायचे राहिले. चेंडू जाळीतून पडला. टाळ्या नाहीदला मिळाल्या. करिष्मा तोवर आपल्या जागेवर परत पळालीसुद्धा होती. गार्डचं, म्हणजे चेंडू दुसऱ्यांपर्यंत पोचवणारीचं, काम वाढणाऱ्या बाईसारखं असतं. पंगतीत तिच्याकडे कोणी बघत नाही, आणि ती नसली तर पंगत अडून बसते.

"करिष्मा, इकडे ये बेटा," जलालुद्दीन सरांनी हाक मारली.

एरवी ते शिट्टी वाजवत. भद्रावतीच्या त्या हायस्कुलात बावीस वर्षं खेळ शिकवून त्यांचा आवाज बसला होता, म्हणून ते बोलण्याचं निम्मं काम शिट्टीकडून करून घेत. आज त्यांच्या हातात फाईल होती, आणि शेजारी करिष्माचे वडील वारलू उभे होते. वारलू कोळसा खाणीवर कंत्राटी कामाला होते. दुसऱ्या पाळीला जाता जाता सरांनी बोलावलं म्हणून ते थांबले होते, हेल्मेट काखेत धरून.

"यंदा हे सतरा वर्षांखालच्या टीममधी नाई बसत," सर म्हणाले. "जन्मतारीख नऊ मार्च दोन हजार आठ. मागच्या वर्षी चाललं. यंदा दोन हजार नऊच्या आधीचे सगळे बाद."

करिष्माला आधी वाटलं, सर चेष्टा करताहेत. ती दहावीत होती. नागपूरच्या एका कॉलेजशी सरांनी बोलणं करून ठेवलं होतं. राज्य स्पर्धा खेळलेल्या पोरीला ते अकरावीत घ्यायचे, फी माफ, होस्टेल फुकट, आणि पुढे पदवीपर्यंत टीममध्ये जागा. राज्य स्पर्धा नाही तर कॉलेजही नाही. मग इथेच कुठेतरी अकरावी, जिथे पोरींची टीम नव्हती.

वारलूंनी सरांकडे बघितलं, मग लेकीकडे.

"पण सर, ते एवढी मोठी नाईच," ते बोलून गेले.

"मंजे?"

"मंजे... तो दाखला हिचा नाई. हिच्या आधीच्या पोरीचा हाय."

वारलू म्हणजे पोटात काही न राहणारा माणूस. अख्खं गाव त्यांना यावरून चिडवायचं. पण ही एक गोष्ट सोळा वर्षं त्यांच्या पोटात राहिली होती, आणि आता मैदानाच्या कडेला उभ्या उभ्या ती बाहेर पडली. एटापल्लीच्या पुढे त्यांचं गाव. तिथे त्यांना पहिली मुलगी झाली, दवाखान्यात, रीतसर दाखल्यासकट. सतरा महिन्यांची होऊन ती तापाने गेली. तीन महिन्यांनी दुसरी झाली, घरीच. पहिलीच्या मरणाची नोंद कोणी केली नाही आणि दुसरीच्या जन्माचीही नाही. पुढे भद्रावतीला आल्यावर शाळेने दाखला मागितला, तेव्हा घरात एक पडूनच होता. नाव तर एकच होतं.

"नाव काऊन एक ठेवलं?" करिष्माने विचारलं.

वारलूंनी हेल्मेट या काखेतून त्या काखेत घेतलं.

सर बराच वेळ फाईल चाळत राहिले. मग म्हणाले, "गावात जाऊन दोन अर्ज करा. एक मोठीच्या मरणाचा, एक हिच्या जन्माचा. मंग तहसीलीतून आदेश. पण बोर्डाचा फॉर्म जायच्या आधी. एकदा फॉर्म गेला का देवाचा बाप आला तरी तारीख नाई बदलत. आणि जबाब त्या वक्ताले घरी होता त्याचा लागते."

"मी नव्हतो," वारलू म्हणाले. "रोडच्या कामावर कागजनगरकडे होतो. पोरगी मेली तवाबी नव्हतो, हे झाली तवाबी नव्हतो."

म्हणजे जबाब आईने द्यायचा होता.

घरी आईने, कमळाने, सगळं ऐकून घेतलं. ती सुपात तांदूळ निवडत होती. हात थांबला नाही.

"माह्या तोंडानं ते मेली असं मी नाई म्हणणार," ती म्हणाली. "कागदावर तरी ते जित्ती हाय. राहू दे."

"अवं, पण हे पोरगी..."

"राहू दे म्हटलं न."

करिष्माला कॉलेजचं दुःख होतंच, पण त्याहून मोठं काहीतरी तिच्या छातीवर येऊन बसलं होतं. दर वर्षी नऊ मार्चला आई तिला पाटावर बसवायची, ओवाळायची, आणि ओवाळताना रडायची. शेजारपाजारच्या बाया म्हणायच्या, कमळाबाईचा भारी जीव आहे पोरीवर. करिष्मालाही तसंच वाटायचं. मान वर करून ती ते रडणं अभिमानाने बघत बसायची. आता तिला कळलं, की पाटावर बसलेली मुलगी ती नव्हतीच. तिला लाज वाटली, आणि सतरा महिन्यांच्या त्या लेकराचा रागही आला. रागाचीही मग लाज वाटली.

दुसऱ्या दिवशी तिने टीमची जर्सी धुऊन, घडी करून सरांना परत दिली. सरांनी घेतली नाही, ती टेबलावर ठेवून आली. शाळा सुटल्यावर ती सरळ घरी येऊ लागली. अभ्यास करायची, पाणी भरायची, विचारलं तेवढंच बोलायची. कमळाला हे बरं वाटायला हवं होतं. पोरगी मैदानावर उन्हात काळी होते म्हणून तीच तर कुरकुरायची.

सहाव्या दिवशी कमळा अंगणात आली. करिष्मा उंबऱ्याकडे पाठ करून बसली होती, पुस्तक मांडीवर उघडं. तिचा डावा हात जमिनीपासून वीतभर वर खालीवर होत होता, एका लयीत. चेंडू नव्हता. ती पुस्तकाकडेही बघत नव्हती आणि हाताकडेही नाही. कमळा बघत उभी राहिली. मग आत गेली आणि वारलूंना म्हणाली, "एटापल्लीची बस चंद्रपुरातून किती वाजता हाय?"

दोघी मायलेकी गेल्या. भद्रावतीहून चंद्रपूर, तिथून दुसरी बस. वाटेत कमळाने चुरमुरे घेतले आणि ते दोघींनीही खाल्ले नाहीत. आलापल्लीनंतर रस्त्याला दोन्हीकडून जंगल लागलं आणि कमळाने डोक्यावरचा पदर पुढे ओढून घेतला. मुक्काम काकाकडे झाला. सकाळी त्या ग्रामपंचायतीत जाऊन बसल्या.

ग्रामसेवक तरुण होता, बोलायला नरम. त्याने पहिला कागद पुढे ओढला.

"मयताचं नाव?"

"करिष्मा."

"कधी वारली?"

"तान्ह्या पोळ्याच्या दिवशी. दिवस बुडाच्या आधी. गल्लीतले पोरं लाकडाचे बैल घेऊन दारात आले होते. मी त्याईले म्हटलं, आज नोका येऊ."

ग्रामसेवकाने मोबाईलवर जुनं कॅलेंडर शोधलं. "एकवीस ऑगस्ट, दोन हजार नऊ. कारण?"

"ताप. चार दिवस होता. तिसऱ्या दिवशी उतरला, पेज पेली वाटीभर. बारा दात आले होते तिले. माह्या बोटाले चावे. मले वाटलं, चावते मंजे बरी हाय."

"बाई, ते नाई लागत इथी..." असं तो म्हणाला, पण मग पेन खाली ठेवून ऐकत राहिला. कमळा बोलत होती. लेकराच्या अंगात कोणतं झबलं होतं, कोणत्या कुशीवर ते झोपायचं, कोणाचा आवाज ऐकला की हसायचं. म्हणणार नाही म्हटलेली बाई म्हणत होती, आणि तिला थांबवणारं त्या खोलीत कोणी नव्हतं. करिष्मा शेजारच्या खुर्चीवर हात मांडीखाली घेऊन बसली होती.

शेवटी कमळाने अंगठा टेकवावा तशी सावकाश सही केली. तिला अक्षरं येत, पण जुळवायला वेळ लागायचा.

ग्रामसेवकाने दुसरा कागद घेतला. "आता हिचं. जन्म कधीचा?"

कमळाने तोंड उघडलं आणि ते तसंच राहिलं.

"तारीख नसन आठवत तर वार सांगा."

"धान कापणी चालू होती."

"सकाळ का संध्याकाळ?"

"मले नाई आठवत," कमळा म्हणाली.

"सुईण कोण होती?"

"रुखमाबाई. मेली ते."

पंख्याने टेबलावरचे कागद हलत होते. ग्रामसेवकाने करिष्माकडे बघितलं आणि लगेच नजर काढून घेतली. "धान कापणी मंजे नोव्हेंबर धरू. मधली तारीख टाकतो, पंधरा. चालन न?"

प्रश्न कमळाला होता. ती खाली बघत होती.

"चालन. लिहा," करिष्मा म्हणाली.

परतीच्या बसमध्ये, बल्लारपूरच्या अलीकडे, कमळा खिडकीकडे तोंड करून बोलू लागली.

"तू झाली तवा मी तुह्याकडे पायलंच नाई. भिंतीकडे तोंड करून पडून होतो. रुखमाबाईनं तुले बकरीचं दूध पाजलं, कापसाच्या बोळ्यानं. किती दिवस, मले मालूम नाई. मंग तुहा बाप आला. तुले आणून माह्या कुशीत टाकलं अन् म्हणे, कमळे, पाय, आपली करिष्मा वापस आली." ती थांबली. "तवा घेतलं मी तुले. तिच्या नावानं घेतलं."

करिष्माला खूप काही विचारायचं होतं. मी कोण होते मग, हे विचारायचं होतं. तिने चुरमुऱ्याची पुडी उघडली, आईच्या ओंजळीत थोडे ओतले, आणि उरलेले एकेक करून स्वतः खाल्ले. रडू आलं होतं, पण बसमध्ये माणसं होती.

तहसीलीचा आदेश आला तेव्हा बोर्डाचा फॉर्म जायला चार दिवस उरले होते. सरांनी जर्सी टेबलाच्या खणातून काढून तिच्या अंगावर फेकली आणि जोरात शिट्टी वाजवली. करिष्मा विभाग खेळली, मग राज्य. राज्यात त्यांची टीम तिसऱ्याच सामन्यात हरली. पण करिष्माने दिलेल्या चेंडूंवर इतरांनी इतके पॉइंट केले, की नागपूरच्या कॉलेजच्या कोचबाईंनी वहीत फक्त तिचं नाव लिहून नेलं. नऊ मार्चला दहावीची परीक्षा सुरू होती. कमळाने त्या दिवशी पाट मांडला नाही. देवापाशी दिवा लावून ती बराच वेळ एकटी बसली. करिष्मा दाराबाहेर उभी राहून भूगोल पाठ करत होती.

जूनमध्ये प्रवेशाला मायलेकी नागपूरला गेल्या. आधी कॉलेजच्या कोर्टवर चाचणी झाली. आत छताखाली लाकडी फरशी, बूट तिच्यावर कुंईकुंई करायचे. कमळाने लेकीचा खेळ जन्मात पहिल्यांदा बघितला. हातातली पिशवी घट्ट धरून ती पायरीवर बसली होती.

"तू काऊन नाई टाकत बॉल जाळीत? सारखी दुसऱ्यालेच देत राह्यते," चाचणी झाल्यावर तिने विचारलं.

"माहं काम तेच हाय, आई."

"असं काम काऊन घेतलं मंग?"

करिष्मा हसली. घाम पुसत तिने आईला ऑफिसकडे नेलं.

होस्टेलचा फॉर्म भरून घेणाऱ्या मॅडम चष्म्यावरून बघत भराभर विचारत होत्या. नाव, गाव, वडिलांचं काम. रांग दारापर्यंत गेली होती.

"जन्मतारीख?"

करिष्माने फाईलमधून दाखला काढायला हात घातला.

"पंधरा नोव्हेंबर, दोन हजार नऊ," कमळा म्हणाली.

मोठ्याने म्हणाली, शाळेतल्या पोरीने पाढा म्हणावा तशी, एकही अक्षर न चुकता. करिष्माचा हात फाईलमध्येच राहिला. मॅडमनी तारीख लिहिली आणि पुढच्या रकान्यावर पेन नेलं. पण कमळाचं संपलं नव्हतं.

"सकाळची झाली," ती म्हणाली. "उन्हं निघाले होते. बांधावर बाया धान कापून राह्यल्या होत्या, त्याईले घरात रडणं ऐकू गेलं, एवढी जोरानं रडली. डोक्यावर हे एवढे केस. मी लगेच घेतलं तिले. अंगाले लावलं."

"बाई, वेळ नाही लागत इथे. फक्त तारीख," मॅडम म्हणाल्या.

कमळाने पदराचं टोक हातात घेतलं आणि लेकीकडे बघितलं नाही.

"सांगू द्या न, मॅडम," करिष्मा म्हणाली. मग आईजवळ सरकून तिने विचारलं, "मंग?"

"मंग..." कमळा म्हणाली, आणि जरा वेळ आठवल्यासारखं करून पुढे सांगू लागली.