व्हिटलॉक उजवीकडे जातो

नकुल रामटेकेची वही त्याच्या बॅगेत सगळ्यात तळाशी, बुटांच्याही खाली असायची. अकरा वर्षांत तेरा क्लब झाले, पोलंडपासून फिलिपिन्सपर्यंतची गावं झाली, पण वही तीच. आजवर ज्या ज्या गार्डला, म्हणजे चेंडू पुढे आणणाऱ्या खेळाडूला, त्याने बास्केटबॉलच्या कोर्टवर अडवलं होतं, त्या प्रत्येकाची खडानखडा माहिती तिच्यात होती. कोण कुठल्या बाजूने बास्केटकडे सुटतो, कोण दमला की बडबडायला लागतो, कोणाला पहिल्या पाच मिनिटांत एक सणसणीत धक्का दिला की तो दिवसभर वाकड्यात शिरत नाही. आणि हे सगळं मराठीत, देवनागरीत. लॉकर रूममध्ये वही उघडी पडली, तरी कोणाच्या बापाला वाचता येऊ नये म्हणून.

देवनागरी त्याला आईने शिकवली होती. भावनाताई नागपूरहून अमेरिकेत श्रूजबरीला आल्या, हॉस्पिटलच्या लॅबमध्ये नोकरी केली आणि दर रविवारी लायब्ररीच्या एका खोलीत मराठी पोरांचा वर्ग घेतला. पहिल्या बाकावर स्वतःचा मुलगा, तोंड फुगवून बसलेला. बाकीची पोरं मोठी होऊन सगळं विसरली. नकुलच्या मात्र ते कामी आलं. कशासाठी, हे आईला कधी नीटसं कळलं नव्हतं.

खोटं कशाला बोला, नकुल काही मोठा खेळाडू नव्हता. मोठ्या लीगमध्ये एखादा गार्ड जखमी झाला, की छोट्या लीगमधून कोणाला तरी दहा दिवसांच्या करारावर बोलावतात. नंबर दिसतो, नाव दिसतं, पाठीवर टाकलेल्या शर्टाला इस्त्रीचा वास असतो, आणि दहा दिवस झाले की घरचा रस्ता. नकुलला असे दोन करार मिळाले. वीस दिवस, एकतीस मिनिटं, नऊ पॉइंट. त्यालाही आता सहा वर्षं झाली होती. बाबा गेल्यावर तो घरापासून पन्नास मिनिटांवरच्या एका छोट्या टीममध्ये आला, आणि चौतिसाव्या वर्षी आईच्या घराच्या बेसमेंटमध्ये, आपल्याच शाळकरी पलंगावर पाय बाहेर काढून झोपू लागला. तिसरा करार मिळाला की थांबायचं, असं त्याने ठरवलं होतं. तिसरा मात्र मिळालाच पाहिजे. वीसचे तीस दिवस झाले पाहिजेत. एवढी एकच गोष्ट त्याला जगाकडून येणं होती.

आणि मग ऑक्टोबरमध्ये टेरेल आला.

बावीस वर्षांचा, मिसिसिपीचा, पायात स्प्रिंग बसवल्यासारखा. कोचने नकुलच्या खांद्यावर हात ठेवून सांगितलं, "तुझ्याजवळ जे आहे ते सगळं याला शिकव." सगळं! म्हणजे तुझं घर याच्या नावावर कर, असंच की. नकुलने शिकवलं. करणार काय, पगार त्याचाच होता. समोरच्याच्या डोळ्यांकडे नाही, कमरेकडे बघायचं, हे शिकायला नकुलला चार वर्षं आणि दोन देश लागले होते. टेरेलला एक आठवडा लागला. वर प्रत्येक वेळी तो म्हणायचा, "थँक यू, सर." त्या सरने नकुलच्या अंगाचा तिळपापड व्हायचा.

त्यातून आईने त्याला जेवायला बोलावलं. सावजी मटण होतं, नागपुरी, कच्च्या दिलाच्या माणसाचं काम नव्हे. लहानपणी नकुल ते पाण्यात धुऊन खायचा. टेरेलच्या डोळ्यांतून, नाकातून पाणी वाहत होतं, कपाळावरून घाम निथळत होता, आणि गडी ताट पुढे करत होता. "मोर, प्लीज." मग भिंतीवरचा बाबासाहेबांचा फोटो पाहून त्याने विचारलं, हे कोण? आई दोन तास बोलली. पोरगा कोपर टेकून ऐकत राहिला, मधूनमधून प्रश्न विचारत. नकुलने जन्मात तिला असे प्रश्न विचारले नव्हते. त्यानंतर टेरेल दारात आला की हात जोडायचा. "जय भीम, आई!" आणि आईचा चेहरा असा फुलायचा की नकुलला उठून बेसमेंटमध्ये जावंसं वाटायचं. डबे दोन येऊ लागले. टेरेलचा मोठा असायचा.

"आई, त्याला दोन पोळ्या एक्स्ट्रा आणि मला नाही?"

"तो वाढतोय अजून," आई म्हणायची. "तुझं काय आता?"

जानेवारीत मोठ्या लीगमधल्या एका क्लबच्या गार्डचं बोट मोडलं. जागा एक, दहा दिवसांची. कोचने दोघांना केबिनमध्ये बोलावलं. रविवारी दुपारच्या गेमला मोठ्या क्लबचा माणूस पाहायला येणार होता. समोरच्या टीममध्ये व्हिटलॉक होता, छोट्या लीगमधला सगळ्यात अवघड गार्ड. पहिल्या हाफमध्ये त्याला टेरेल अडवणार, दुसऱ्या हाफमध्ये नकुल. ज्याला जमेल तो जाईल. इतकं सरळ होतं.

नकुलला आतून हसू फुटलं. व्हिटलॉक! तीन लीगमध्ये, पाच वर्षं त्याने व्हिटलॉकला अडवलं होतं. वहीत त्याचं पान होतं. 'व्हिटलॉक. उजवीकडेच जातो. शंभर टक्के.' खाली लाल शाईच्या दोन रेघा. टीमने गेल्या काही गेमच्या फिल्म पाठवल्या होत्या, त्या त्याने उघडल्याही नाहीत. वहीत आहे, मग फिल्म कशाला?

शनिवारी प्रॅक्टिस संपल्यावर टेरेल त्याच्या बाकाशेजारी येऊन बसला. "व्हिटलॉकबद्दल तुझी वही काय म्हणते, सर?"

वही नकुलच्या मांडीवर उघडीच होती. ते पान, त्या लाल रेघा. टेरेल त्यांच्याकडेच पाहत होता आणि त्याला काडीचंही कळत नव्हतं. नकुलला त्या क्षणी फार विचार करावा लागला नाही. आईचा मोठा डबा, कोचचा खांद्यावरचा हात, ते मेलं सर, सगळं एकदम आठवलं.

"डावीकडे," तो म्हणाला. "नेहमी डावीकडे जातो. डोळे मिटून डावी बाजू बंद कर."

"डन. थँक यू."

लाज वाटली का? नाही वाटली. संध्याकाळी त्याला चांगली भूक लागली, आणि आईने केलेली कढी त्याने दोनदा मागून घेतली.

रविवारी आई शाल गुंडाळून तिसऱ्या रांगेत बसली होती. गेम सुरू झाला. टेरेल व्हिटलॉकसमोर उभा राहिला, डावी बाजू पूर्ण बंद करून, उजवीकडे मोकळं रान सोडून. बेंचवर नकुल पुढे सरकून बसला. आता सुटेल, आता उजवीकडे सुटेल, आणि पोरगं तोंडघशी पडेल.

व्हिटलॉक डावीकडे गेला. थेट टेरेलच्या अंगावर. चेंडू हिसकावला गेला आणि अख्खं स्टेडियम ओरडलं.

पुन्हा डावीकडे. पुन्हा टेरेल तिथे हजर. हाफ संपेपर्यंत व्हिटलॉकचे पॉइंट झाले चार, आणि टेरेलने त्याच्याकडून तीनदा चेंडू काढून घेतला होता. मोठ्या क्लबचा माणूस मांडीवरच्या कागदावर काहीतरी लिहीत होता. नकुलचा वहीवरचा विश्वास मात्र ढळला नाही. आज याचं डोकं फिरलंय, त्याने स्वतःला समजावलं. पोराने एक बाजू मोकळी सोडली म्हणून हा मुद्दाम हट्टाला पेटलाय. माझ्यासमोर येईल तेव्हा येईल आपल्या मूळ वळणावर. पाच वर्षं काय मी झोपा काढल्या?

खरं तर त्याला ते मान्य करणंच शक्य नव्हतं. डावीकडे ही त्याची स्वतःची थाप होती. आपल्याच थापेवर माणूस कसा विश्वास ठेवणार?

दुसऱ्या हाफमध्ये तो उतरला आणि उजवी बाजू भिंतीसारखी बंद केली. व्हिटलॉक डावीकडून निघून गेला. परत गेला. तिसऱ्यांदा गेला तेव्हा कोच ओरडला, "लेफ्ट!" चौथ्यांदा बेंचवरून टेरेल उठून उभा राहिला, दोन्ही हात तोंडाशी धरून, अगदी कळवळून ओरडला, "लेफ्ट, सर! तूच सांगितलंस ना! लेफ्ट!"

नकुलसमोर व्हिटलॉकचे एकोणीस पॉइंट. सहा मिनिटं उरली असताना कोचने नकुलला बाहेर काढलं आणि टेरेलला आत घातलं. नकुलने टॉवेल डोक्यावर ओढला तो शेवटपर्यंत काढला नाही.

गेम संपल्यावर हात मिळवायला व्हिटलॉक त्याच्यापाशी थांबला. बरा माणूस होता. "वाईट नको वाटून घेऊ, यार, मीही म्हातारा झालोय. समरमध्ये डाव्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं. त्या पायावर जोर देऊन उजवीकडे सुटताच येत नाही आता. सगळी लीग ओळखते."

सगळी लीग. नकुलने लॉकर रूममध्ये जाऊन बॅगेच्या तळातून वही काढली आणि कचऱ्याच्या डब्यात टाकली. मग बराच वेळ शॉवरखाली उभा राहिला. आपल्याला दुःख कशाचं होतंय, करार गेल्याचं की पोराला मिळाल्याचं, हे त्याने स्वतःला विचारलं. पोराला मिळाल्याचं, असं उत्तर आलं, आणि ते खरं होतं.

बाहेर आला तेव्हा टेरेल निघालाही होता. विमान रात्री होतं, पण एअरपोर्टला न्यायला गाडी लगेच आली होती. आई कारमध्ये बसली होती, मांडीवर पर्स. नकुल गाडी चालवू लागला. रस्त्याच्या कडेला बर्फाचे काळपट ढीग होते.

"टेरेल भेटून गेला," आई म्हणाली. "पाया पडला माझ्या. म्हणाला, नकुलने टिप दिली नसती तर मला हे जमलंच नसतं. डावीकडे जातो म्हणून सांगितलं, मग मी फिल्म पाहिली, तर खरंच सगळं डावीकडे. रडत होता रे."

"हं."

"आणि हे दिलं." तिने पर्स उघडली. वही बाहेर आली, कव्हरला केळ्याच्या सालीचा तुकडा चिकटलेला. "डब्यात पडली होती म्हणे. आई, ही त्याची फार महत्त्वाची वही आहे, हरवू देऊ नकोस, म्हणाला."

नकुलने स्टिअरिंग घट्ट धरलं. सगळ्या लीगमध्ये, सगळ्या अमेरिकेत म्हणा ना, ती वही ज्याच्या हातात पडू नये असं एकच माणूस होतं.

आईने चष्मा लावला. "तू आतमध्ये होतास तेव्हा वाचत बसले." तिने बोटाने पान काढलं आणि वर्गात वाचायची तशा स्वच्छ आवाजात वाचलं. "व्हिटलॉक. उजवीकडेच जातो. शंभर टक्के."

पुढच्या ट्रकचे लाल दिवे लागले. नकुलने ब्रेक दाबला.

"अक्षर अजून छान आहे तुझं," आई म्हणाली.

तेवढ्यात गाडीच्या स्पीकरवर फोन वाजू लागला. टेरेल. नकुलने उचलला नाही. आईने हात लांबवून बटण दाबलं.

"सर! उद्याच मला खेळवतायत! ऐक, समोर कोण आहे माहितीये? वहीत बघून सांग ना, प्लीज."

नकुलने आईकडे पाहिलं. ती समोर काचेकडे पाहत होती.

"टेरेल, वहीचं सोड. मी तुला खोटं सांगितलं होतं. वहीत उजवीकडे लिहिलंय. तू पडावास म्हणून मी डावीकडे सांगितलं."

पलीकडून खदखदून हसू आलं. "कम ऑन, मॅन! किती मॉडेस्ट असशील! आज तुझा दिवस नव्हता, इट्स ओके. मी सगळ्यांना सांगितलंय, मला नकुलने घडवलं."

सुटलो, असं क्षणभर नकुलला वाटलंही.

"पुन्हा सांग," आई हळूच म्हणाली. "त्याला खरं वाटेल असं सांग."

नकुलने गाडी कडेला घेतली आणि बंद केली. मग त्याने सांगितलं. तुझ्यावर मी पहिल्या दिवसापासून जळतोय, म्हणाला. तुझ्या पायांवर, तुझ्या वयावर, आई तुला देते त्या डब्यावर. तुला मी खड्ड्यात ढकलत होतो, टेरेल, आणि माझी वही जुनी निघाली म्हणून तू वाचलास. आणि आत्ता, हे बोलतानासुद्धा, तुझ्या जागी मी जावं असंच मला वाटतंय.

स्पीकरमधून एअरपोर्टवरची कसलीतरी घोषणा ऐकू आली.

"आई आहे तिथे?" टेरेलने शेवटी विचारलं.

"आहे."

"तिला माझा जय भीम सांग."

आई चटकन पुढे वाकली. "जय भीम, बाळा," ती म्हणाली, पण तोवर फोन कट झाला होता.