कुलूप लावण्याआधी सांगायचं होतं

मित्रांनो, मी कागद कापणारं जुनं यंत्र आहे आणि मला राग आला आहे. लोखंडाला राग कसा येतो, हे माझी गोष्ट ऐकून तुम्हीच ठरवा.

दोन भावांच्या वह्यांच्या कारखान्यात मी तीस वर्षं राबलो. माझं चाक फिरवलं की पातं खाली यायचं आणि वह्यांच्या कडा एका रेषेत कापल्या जायच्या. थोरल्या मालकांची मुलगी लहानपणी त्या कडांवरून बोट फिरवत बसायची. पुढे धाकट्या मालकांना मोठेपणाची हाव सुटली. त्यांनी कर्ज काढून परदेशी यंत्र आणलं. मी कोपऱ्यात गेलो. माझ्यावर चहाचे कप ठेवू लागले.

वर्षभरात धंदा बुडाला. एका सकाळी कामगार आले, तर दाराला कुलूप. बराच वेळ ते दार वाजवत राहिले. मी आत होतो. धाकटे मालक गाव सोडून गेले आणि कामगारांनीच धंदा बुडवला, असं सांगत सुटले. थोरल्यांनी अंथरूण धरलं.

कर्जापायी कारखान्याचा लिलाव झाला, त्यात मला कुणी घेईना. भंगारवाल्याने माझ्यावर खडूने फुली मारली.

"फोडू नका," मुलगी म्हणाली. "त्याऐवजी माझी स्कूटर घ्या."

लॉन्ड्रीमागच्या एका खोलीत तिने मला नेलं. माझं पातं गंजून अडकलं होतं. तीन दिवस तिने घासलं, तेल घातलं, शेवटी मला लाथ मारली आणि रडली. मला वाईट वाटलं नाही. ती लाथ माझ्यासाठी नव्हती. चौथ्या दिवशी चाक फिरलं.

वह्या शिवायला तिने कारखान्यातल्या मावशींना बोलावलं. मावशी आल्या. महिन्याभराने थोरले मालकही आले आणि दारातच घुटमळले.

मावशींनी सुई खाली ठेवली. "मालक, बावीस वर्षं तुमच्याकडे शिवलं. निदान आदल्या दिवशी तरी सांगायचं होतं."

"लाज वाटली, बाई."

"लाज तुम्हाला वाटली आणि उन्हात आम्ही उभे राहिलो."

थोरल्यांनी मुलीकडे पाहिलं. "मला मध्ये घेऊ नका, बाबा," ती म्हणाली.

"मला महिनाभर आधी माहीत होतं," ते हळूच म्हणाले. "चुकलो."

मुलीचा चेहरा लाल झाला. हे तिलाही नवीन होतं. "मलासुद्धा सांगितलं नाहीत?" एवढंच ती बोलली आणि दिवसभर त्यांच्याकडे पाठ करून राहिली.

मावशींनी मात्र कागदांची चळत त्यांच्यापुढे सरकवली. "बसा. घड्या घाला. वाकड्या आल्या तर उलगडून पुन्हा घालायला लावीन."

त्यांनी पुन्हा घातल्या. तीनदा.

आता दर शनिवारी मुलगी पुढच्या आठवड्याचं काम सर्वांना सांगते. एकदा म्हणाली, "सोमवारपासून हातात काहीच नाही." कुणी उठून गेलं नाही. मावशी वह्यांचे नमुने पिशवीत भरून शाळाशाळांतून हिंडल्या, थोरले मालक पिशवी धरून मागे. बुधवारी माझं चाक पुन्हा फिरू लागलं.

धाकट्यांवरचा माझा राग गेलेला नाही. जायलाही नको. मित्रांनो, यंत्राला वेळेवर तेल घाला, ते खरंच आहे. पण आमच्याशेजारी उभं राहून जी माणसं राबतात, त्यांना अंधारात ठेवू नका. वाईट बातमी असली तरी ती त्यांच्या हक्काची आहे.