मला धुतलं तो दिवस

मित्रांनो, आधी नाक मुरडून घ्या, मग ऐका. मी एक जुना, काळा, जाड सुती पट्टा आहे. टोक्योतल्या एका सुमो तालमीत सहा वर्षं मी एकाच कमरेला राहिलो. आम्हाला धुवायचं नसतं. धुतलं तर पैलवानाचं नशीब वाहून जातं, असं तिथं मानतात. घामाने भिजायचं, उन्हात वाळायचं, पुन्हा कमरेला बसायचं, हाच माझा दिनक्रम.

माझा पैलवान न्यामदावा मंगोलियाच्या माळावरून आलेला. एका तालमीत परदेशी पैलवान एकच ठेवता येतो, आणि ती जागा त्याची होती. मला त्याच्या कमरेला आवळायचा शिमोमुरा. तो दहा वर्षांनी मोठा, पण कधीच वर न चढलेला.

"पोट आत घे रे, घोडेवाल्या! पट्टा बांधतोय की तंबू?"

"तंबू बरा, दादा. तो शिव्या तरी देत नाही."

हसू यायचं मला. ते दिवस चांगले होते.

सहाव्या वर्षी न्यामदावाचा उजवा गुडघा गेला. सगळा भार डावीकडे पडू लागला, ते सर्वांत आधी मला कळलं. एकदा त्याने वस्तादांना सांगितलं, "गुडघा फार दुखतोय."

"मग इथं काय मालिश करून घ्यायला आलास? सोस!" वस्ताद म्हणाले. "आणि ऐक, यंदा वर चढला नाहीस तर जागा मोकळी कर. दुसरा मंगोल कधीचा तयार आहे."

वर चढणं म्हणजे पांढरा पट्टा, पगार, स्वतःची खोली. वर्षाच्या शेवटच्या स्पर्धेत सातपैकी सहा कुस्त्या झाल्या. तीन जिंकल्या, तीन हरल्या. सातवीवर सगळं आलं. त्या दिवशी शिमोमुराने मला मुकाट्याने बांधलं. एकही टोमणा मारला नाही.

कुस्ती लागली. समोरच्याने रेटलं, गुडघा लचकला आणि न्यामदावाच्या हाताचा तळवा मातीला लागला. सुमोत बोट टेकलं तरी हार! पण माळावरच्या कुस्तीत तळवा टेकला तर चालतो. 'हात टेकला की त्याच हातावर ऊठ,' असं त्याच्या वडिलांनी लहानपणीच शिकवलं होतं. तो उठला. समोरच्याला उचलून रिंगणाबाहेर फेकलं. मग जिंकल्यावर करायच्या घरच्या रीतीप्रमाणे गरुडासारखे हात पसरू लागला.

विजेता दाखवणारा पंचाचा पंखा मात्र समोरच्याकडे होता. हात अर्धेच राहिले. अरेरे, मला तेव्हा सुटून पडावंसं वाटलं!

संध्याकाळी त्याने घरी फोन लावला. "बाबा, हरलो. हात टेकला."

"मग? ऊठ की!" पलीकडून बाबा म्हणाले.

त्याने फोन ठेवला.

दुसऱ्या दिवशी त्याने मला न्हाणीत नेलं आणि साबण लावला. दारातून शिमोमुरा ओरडला, "अरे वेड्या, काय करतोस? नशीब..." मग खाली बसून त्याने माझं दुसरं टोक धरलं. दोघांनी मिळून मला पिळलं. पाणी काळंकुट्ट निघालं.

जागा सोडून न्यामदावा घरी परतला, आणि आज मी माळावर त्याच्या तंबूला गुंडाळलेला आहे. वारा आला की ताणतो. शिमोमुराची थट्टा खरी झाली. पण गुडघा बरा झालाच नाही; न्यामदावाला आता घोड्यावर चढवायला दोन माणसं लागतात.

मित्रांनो, पट्टे झिजतात, नवे मिळतात. पण कुणी 'दुखतंय' म्हणालं तर 'सोस' म्हणू नका. न्यामदावा ते एकदाच म्हणाला होता.